वीस ताटांत तीस जण



लढाईच्या गोष्टी म्हटल्या की पोरांच्या डोळ्यांपुढे तोफा आणि विमाने येतात. पण लढाई घरात शिरते ती चुलीपाशी. फ्रान्समधल्या अशा घरांची आणि पोरांची दोन पुस्तके आज तुम्हांला सांगायची आहेत.

आधी थोडे मागचे. १९४० च्या जूनमध्ये जर्मनीने फ्रान्स जिंकला. पंधरा लाखांहून जास्त फ्रेंच शिपाई कैदी होऊन जर्मनीत गेले. त्यांत शेतकरी पुष्कळ. मागे नांगर बायकांनी आणि म्हाताऱ्यांनी धरला. पिकले त्यातले कितीतरी जर्मन उचलून नेत. रेशनकार्डाशिवाय पाव मिळेना. तान्ह्याचे कार्ड वेगळे, शाळकरी पोराचे वेगळे, शेतात राबणाऱ्याचे वेगळे. आणि ज्यू लोकांना तर वेचून पकडून नेत, लेकराबाळांसकट.

पहिले पुस्तक क्लेअर ह्युशे बिशप या बाईंचे, ‘ट्वेंटी अँड टेन’ म्हणजे ‘वीस आणि दहा’. १९५२ साली इंग्रजीत निघाले. डोंगरातली शाळा, तिथेच राहणारी वीस पोरे आणि त्यांना शिकवणारी एक ख्रिस्ती संन्यासिनी. एके दिवशी एक तरुण दहा ज्यू मुले घेऊन दारात येतो. यांना लपवा म्हणतो. शाळेत कार्डे विसांची, खाणारी तोंडे आता तीस.

यावर ती बाई काय करते? ती पोरांनाच विचारते. मला पुस्तकातली ही जागा सगळ्यांत मोलाची वाटते. मोठ्यांनी परस्पर ठरवून टाकणे सोपे होते. पण घास जाणार होता तो पोरांच्या ताटातला. पोरे हो म्हणतात. पुढे जर्मन शिपाई येतात, दरडावतात, पण पोरे तोंड उघडत नाहीत.

तुम्ही म्हणाल, पुस्तकात असे होते, खरे कुठे होते? झाले आहे. ल शाँबों-सूर-लिन्यों नावाचे डोंगरमाथ्यावरचे गाव आहे. थंडी कडाक्याची, जमीन थोडकी. तिथल्या आणि आसपासच्या शेतकऱ्यांनी ज्यू पोरे आपल्या घरांत ठेवून घेतली. आंद्रे त्रोक्मे हे गावचे पाद्री त्यांत पुढे होते. १९९० साली इस्राएलने या साऱ्या गावाचा गौरव केला.

दुसरे पुस्तक जोसेफ जोफो यांचे, १९७३ चे. नाव ‘पिशवीभर गोट्या’. ही त्यांची स्वतःचीच हकिगत. बाप पॅरिसमध्ये न्हाव्याचे दुकान चालवणारा. १९४२ साली हुकूम निघाला, ज्यूंनी कपड्यावर पिवळा तारा शिवून हिंडायचे. शाळेतल्या एका मित्राला तो तारा हवासा वाटला. जोसेफने तो पिशवीभर गोट्यांवर देऊन टाकला. पोरेच ती.

मग बाप दहा वर्षांच्या जोसेफला आणि बारा वर्षांच्या मोरिसला जवळ बसवतो. हातात पैसे देतो आणि सांगतो, दोघेच दक्षिणेकडे निघा. तिकडे तेव्हा जर्मन फौज नव्हती. निघण्यापूर्वी विचारतो, तू ज्यू आहेस का? पोरगा नाही म्हणतो, तर बाप थोबाडीत मारतो आणि पुन्हा विचारतो. मारले तरी उत्तर बदलता कामा नये. आपण पोरांना खोटे बोलल्याबद्दल मारतो. हा बाप खोट्यावर टिकून राहा म्हणून मारतो. त्या हाताला काय वाटले असेल!

पोरे चोरवाटेने रात्री हद्द ओलांडतात. मोरिस तर त्याच रात्री मागे फिरून पैसे घेऊन इतरांनाही पार करतो. बारा वर्षांचे व्यवहारी कार्टे! पुढे नीस शहरात दोघे जर्मनांच्या हाती सापडतात, तेव्हा ती थोबाडीतच कामी येते. दोघे वाचले. बाप छावणीतून परत आला नाही. जोसेफ मोठा होऊन बापाच्याच धंद्यात गेला आणि चाळिशीत हे पुस्तक लिहिले.

दोन्ही पुस्तके इंग्रजीत मिळतात. घरात कॉलेजात जाणारी लेक-सून असेल तर तिच्याकडून रात्री जेवणानंतर थोडी थोडी वाचवून घ्या. पहिले आठ-नऊ वर्षांच्या पोरांनाही कळेल. दुसरे जरा मोठ्यांसाठी. त्या थोबाडीच्या पानाशी वाचणाऱ्याला थांबायला सांगा. पोरे काहीतरी विचारतीलच.