खटला हायकोर्टात नव्हे, चौकशीतच हरतो



वार्षिक सभेत एक तक्रार हमखास निघते. चोरी करणारा, काट्यात फरक करणारा, नोंदी फिरवणारा नोकर कारखान्याने काढला, तर कामगार न्यायालय त्याला परत आणून बसवते, आणि हायकोर्टही काही करीत नाही. मग शिस्त राहायची कशी? प्रश्न रास्त आहे. आम्ही शेतकी खात्याची माणसे, वकील नव्हे. पण या बाबतीत एकदा चांगलेच पोळलो आहोत, म्हणून हे चार शब्द.

काही वर्षांपूर्वी आम्ही दुसऱ्या एका कारखान्यात नोकरीस होतो. तेथे एका चिटबॉयने लागणीच्या तारखा मागच्या दाखवून काही जणांचा ऊस पाळीआधी तोडणीस आणला. ज्यांचा मागे राहिला त्यांच्या उसाला तुरे आले, वजन घटले. तिघे सभासद ओरडत ऑफिसात आले. संचालक मंडळ संतापले. आम्ही नोंदवही ताब्यात घेतली, घाईघाईने चौकशी उरकली आणि आठवडाभरात माणूस बडतर्फ! सगळ्यांना बरे वाटले.

पुढे कामगार न्यायालयात काय झाले? कोणत्या गटातली कोणती नोंद खोटी, हे आरोपपत्रात नव्हते. नोंदवही त्याला दाखवलीच नव्हती. तक्रारदारांचे जबाब त्याच्यासमोर झाले नव्हते, मग उलटतपासणी कसली? वही ताब्यात घेताना पंचनामा केला नव्हता, ही चूक तर सरळ आमचीच. चौकशी सदोष ठरली. तरीही न्यायालयासमोर नव्याने पुरावा देऊन आरोप शाबीत करण्याची संधी मालकाला मागता येते. ती मागितली, मिळालीही. पण ते तिघे साक्षीला आले नाहीत. ‘गावातलाच पोरगा, वाईटपणा कशाला घ्यायचा? शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये,’ हे उत्तर मिळाले. माणूस मागील पगारासह कामावर आला. हायकोर्टाने निकालास हात लावला नाही. तो पगार कोणाच्या खिशातून गेला? आपल्या उसाच्या बिलातूनच की!

हायकोर्टाने हात का लावला नाही, हे समजून घेतले पाहिजे. आपले साताऱ्याचे न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी १९६३ साली सुप्रीम कोर्टात एका बस परवान्याच्या खटल्यात ही मर्यादा स्पष्ट केली. न्यायाधिकरणाने आपला अधिकार ओलांडला, बाजू मांडू दिली नाही, कायद्याची उघड चूक केली, किंवा मुळीच पुरावा नसताना निष्कर्ष काढला, तर हायकोर्ट निकाल रद्द करील. पण पुरावा पुन्हा तोलून ‘आम्हाला वेगळे वाटते’ असे म्हणणार नाही, कारण ते तेथे अपील ऐकत नसते. म्हणजे खाली जो पुरावा आपण दिला नाही, तो वर जाऊन उगवत नाही. बेणेच घातले नाही, तर खत टाकून उपयोग काय?

कामगार न्यायालयालाही पूर्वी अधिकार कमी होते. सुप्रीम कोर्टाच्या तेव्हाच्या निकालाप्रमाणे मालकाचा हेतू वाईट असेल, सूड असेल, न्याय्य चौकशी नसेल किंवा निष्कर्ष निराधार असेल, तरच त्याला हस्तक्षेप करता येई. १९७१ साली केंद्राच्या कायद्यात कलम ११-अ आले आणि शिक्षा जास्त वाटली तर ती कमी करण्याचाही अधिकार मिळाला. २१ नोव्हेंबर २०२५ पासून नवी औद्योगिक संबंध संहिता लागू झाली, तीतही हा अधिकार कायम आहे.

म्हणून कामगारच नेहमी जिंकतो, असे मात्र नाही. पुण्याच्या भारत फोर्जमध्ये १९८३ साली एक कामगार कामाच्या वेळी झोपलेला सापडला. याआधी तीनदा त्याला गैरवर्तनाबद्दल शिक्षा झाली होती. कामगार न्यायालयाने चौकशी योग्य ठरवली, पण शिक्षा फार कडक म्हणून त्याला परत घ्यायला सांगितले. औद्योगिक न्यायालयाने ते फिरवले, हायकोर्टाने पुन्हा कामगाराच्या बाजूने कौल दिला, आणि २००५ साली सुप्रीम कोर्टाने बडतर्फी कायम केली. कंपनी कशावर टिकली? रीतसर चौकशी आणि मागील तीन शिक्षांची कागदोपत्री नोंद यांवर. पण निकालास बावीस वर्षे लागली, हेही विसरू नये.

काही सभासद म्हणतात, न्यायालयाचे हे अधिकारच काढून टाका. आम्हाला हे पटत नाही. निवडणुकीत पॅनेल बदलले की कोणाकोणाच्या नोकरीवर डोळा जातो, हे सहकारात काय नवे आहे? कारखान्यात आपलीच पोरे कामाला आहेत. आज दुसऱ्याचा निघाला, उद्या आपला निघेल. त्या दिवशी हेच न्यायालय आपल्याला हवे असेल.

म्हणून आमचे सांगणे एवढेच. ज्याने तक्रार केली त्याने चौकशी अधिकारी होऊ नये. आरोपपत्रात तारीख, गट नंबर, नोंद सगळे असावे. कागद ताब्यात घेताना दोन पंचांच्या सह्या घ्याव्यात. पहिल्या चुकीला समज दिली तर तीही लेखी द्यावी. आता नोंद मोबाईलवर होऊ लागली, तरी खोटी नोंद करणारा हात आणि ती पाहणारा डोळा माणसाचाच असतो.

आणि सभासद बंधूंनो, सभेत टेबलावर हात आपटणे सोपे असते. चौकशीत खुर्चीवर बसून, त्या माणसाच्या तोंडावर खरे सांगणे अवघड असते. आमचे ते तिघे आले असते, तर ते पैसे आज सभासदांच्या घरात असते. यापुढे तक्रार जरूर आणा, पण साक्षीलाही या.