तीन सेंटिमीटरचे अंतर

जुलै २०१३मध्ये पुण्याच्या म्हाळुंगे-बालेवाडी येथील श्री शिवछत्रपती क्रीडासंकुलात आशियाई अ‍ॅथलेटिक्स अजिंक्यपद स्पर्धा भरली होती. पुरुषांच्या लांब उडीत चीनच्या वांग जिआनान या सोळा वर्षांच्या मुलाने ७.९५ मीटर उडी घेऊन सुवर्णपदक पटकावले. भारताच्या कुमारवेल प्रेमकुमारला ७.९२ मीटरवर रौप्य मिळाले. त्यानंतर दहा वर्षांनी, १ ऑक्टोबर २०२३ रोजी, हांगझोऊच्या आशियाई क्रीडा स्पर्धेत तोच वांग ८.२२ मीटर उडी घेऊन पहिला आला आणि आपला मुरली श्रीशंकर ८.१९ मीटरवर दुसरा राहिला. दोन्ही वेळी अंतर एकच होते, तीन सेंटिमीटर. म्हणजे जेमतेम दोन बोटे.

अशा पराभवानंतर 'नशीब आडवे आले' असे म्हणून मोकळे होण्याची आपल्याला सवय आहे. पण या दोन स्पर्धांच्या मधल्या दशकात काय घडले, ते पाहिले पाहिजे. पुण्यात जिंकलेला तो मुलगा २०१४मध्ये कनिष्ठ गटाचा जगज्जेता झाला. २०१५मध्ये बीजिंगच्या जागतिक स्पर्धेत त्याने कांस्यपदक मिळवले आणि २०२२मध्ये अमेरिकेतील युजीन येथे अखेरच्या प्रयत्नात ८.३६ मीटर उडी घेऊन तो जगज्जेता झाला. माईक पॉवेलला घडविणारे रँडी हंटिंग्टन यांच्यासारखे प्रशिक्षक याच काळात चीनने आपल्याकडे आणले होते. सोळाव्या वर्षी हेरलेला मुलगा पंचविसाव्या वर्षापर्यंत जपला गेला. आपल्याला दिसते ते तीन सेंटिमीटर; त्यामागे नऊ वर्षांचा धीर उभा असतो.

भारताकडे गुणवत्ता नाही, असे मुळीच नाही. टी. सी. योहानन यांनी १९७४च्या तेहरान आशियाई स्पर्धेत ८.०७ मीटर उडी घेऊन सुवर्णपदक जिंकले, तेव्हा तो आशियाई विक्रम होता. दुर्दैव त्यापुढचे आहे. त्यांचा राष्ट्रीय विक्रम सुमारे तीन दशके अबाधित राहिला आणि २००४मध्ये मोडला तो केवळ एका सेंटिमीटरने. वाटाड्या पुढे गेला, पण मागून कोणी निघालेच नाही. अलीकडे मात्र चित्र बदलले आहे. जेस्विन ऑल्ड्रिनने २०२३मध्ये ८.४२ मीटरचा राष्ट्रीय विक्रम केला. त्याच वर्षी बँकॉकच्या आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत श्रीशंकरने ८.३७ मीटर उडीसह रौप्य मिळवले. २०२४मध्ये गुडघ्याच्या दुखापतीने त्याचे पॅरिस ऑलिम्पिक हुकले. पण शस्त्रक्रियेनंतर जुलै २०२५मध्ये पुण्यातच त्याने ८.०५ मीटर उडी घेऊन पुनरागमन केले. त्या वर्षीच्या टोकियो जागतिक स्पर्धेत तो पात्रता फेरीपुढे गेला नाही, ही गोष्ट लपविण्याचे कारण नाही. मोडलेल्या गुडघ्यावर पुन्हा धावू पाहणाऱ्या तरुणाकडून कौतुकाआधी पदक मागणे हे मात्र शहाणपणाचे नाही.

लांब उडी दिसायला सोपी, पण हिशेबाला अत्यंत कठोर आहे. चाळीस मीटरच्या आसपास धावत येऊन वीस सेंटिमीटर रुंदीच्या फळीवर पाय पडला पाहिजे. फळीच्या पुढच्या कडेपलीकडे पायाचा अंगठा गेला की उडी बाद. फळीच्या एक वीत मागून उडी घेतली, तर ते अंतर कोणी परत देत नाही. पहिल्या तीन प्रयत्नांनंतर पुढच्या संधी मोजक्याच जणांना मिळतात. अशा खेळात पावलांचा मेळ अंगवळणी पडावा लागतो आणि त्यासाठी वर्षानुवर्षे एकाच धावपट्टीवर, एकाच जाणकार नजरेखाली धावावे लागते.

ही नजर बहुधा घरातूनच मिळते, हे लक्षात घेण्याजोगे आहे. श्रीशंकरचे वडील तिहेरी उडीचे खेळाडू आणि आई धावपटू. वडीलच त्याचे प्रशिक्षक. टोकियोत ८.३९ मीटर उडी घेऊन जगज्जेता झालेल्या इटलीच्या मत्तिया फुर्लानीला त्याची आई शिकवते. २००३मध्ये पॅरिसला लांब उडीत कांस्यपदक जिंकून जागतिक अ‍ॅथलेटिक्समध्ये भारताला पहिले पदक मिळवून देणाऱ्या अंजू बॉबी जॉर्ज यांचे प्रशिक्षक त्यांचे पतीच होते. घर पाठीशी उभे राहते, तेव्हा खेळाडू दुखापतीतून आणि अपयशातूनही उठतो. पण ज्या घरात हे ज्ञान नाही, तेथील मुलाने काय करावे? तेथे शाळेने घर व्हायचे असते. नाशिक जिल्ह्यातील शेतकऱ्याचा मुलगा सर्वेश कुशारे याने उंच उडीचे पहिले धडे शाळेतील क्रीडाशिक्षकांनी मक्याचा भुसा भरून तयार केलेल्या गादीवर गिरविले. तोच सर्वेश २०२५मध्ये टोकियोच्या जागतिक स्पर्धेत २.२८ मीटर उडी घेऊन सहावा आला. एका शिक्षकाच्या कल्पकतेची ही झेप आहे.

म्हणूनच हा विषय बालेवाडीपाशी थांबत नाही, तो आरोंद्यापर्यंत येतो. सावंतवाडी तालुक्यातील आरोंदा हे तेरेखोल नदीकाठचे, महाराष्ट्राच्या अगदी शेवटच्या टोकाचे गाव. नदी ओलांडली की गोव्याचा पेडणे तालुका लागतो. याच गोव्यात २०२३मध्ये ३७वी राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा झाली आणि २२८ पदके मिळवून महाराष्ट्र अव्वल ठरला. राज्याच्या या यशाचा अभिमान आहेच. पण ते नदीच्या अलीकडच्या गावातील मुलाच्या पायापर्यंत पोहोचते का, हा खरा प्रश्न आहे. व्हाळ ओलांडत आणि शेतांच्या मेरांवरून उड्या मारत वाढलेल्या कोकणी मुलाच्या पायांत ताकद कमी नसते. ती मोजणारे मात्र कोणी नसते.

लांब उडीला लागते तरी काय? चाळीस मीटर सपाट जमीन, एक लाकडी फळी आणि वाळूचा हौद. आठ मीटर लांब, पावणेतीन मीटर रुंद आणि सव्वा फूट खोल हौदाला साधारण तीन ब्रास वाळू पुरते. खाडीकाठच्या प्रदेशात घरे बांधण्यासाठी याच्या कितीतरी पट रेती डंपरमधून जाते. तीन ब्रास रीतसर परवान्याने घेऊन शाळेच्या मैदानावर टाकणे हे काही दिल्लीत ठरावे लागणारे काम नव्हे. कोकणात अडचण आहे ती पावसाची. चार महिन्यांत हौदात पाणी साचते, वाळू दगडासारखी घट्ट होते, गवत माजते आणि अशा हौदात पडणाऱ्या मुलाचा घोटा दुखावतो. तेव्हा पाण्याला वाट करून देणे, दसऱ्यानंतर वाळू उपसून, चाळून, खणून मोकळी करणे आणि प्रत्येक सरावापूर्वी ती सारखी करणे, हे दरवर्षी न चुकता करावे लागते. उद्घाटनाला मान्यवर मिळतात. वाळू खणायला माणूस मिळत नाही, हे आपल्या क्रीडाजीवनाचे दुखणे आहे.

मध्यमवर्गीय पालकांनीही स्वतःकडे पाहावे. दहावीचे सवलतीचे क्रीडागुण पदरात पडले की मुलाचे मैदान सुटते. शारीरिक शिक्षणाचा तास गणिताला दिला, तर आपण तक्रार करीत नाही, उलट समाधान मानतो. पुढे ऑलिम्पिकचा पदकतक्ता पाहून उसासे टाकणारेही आपणच! सोळाव्या वर्षी आपला मुलगा खेळ सोडतो, त्याच वयात वांग जिआनान पुण्यात सुवर्णपदक जिंकून गेला, हे विसरून चालणार नाही.

शासनाने क्रीडाशिक्षकांची पदे भरावीत, तालुका क्रीडासंकुले जिवंत ठेवावीत, ही मागणी रास्तच आहे. परंतु सारे शासनाने करावे आणि समाजाने केवळ टाळ्या वाजवाव्यात, ही आपली वृत्ती असता कामा नये. गावातील मंडळे, माजी विद्यार्थी, सेवानिवृत्त शिक्षक आणि आपले कार्यकर्ते यांनी एक शाळा, एक हौद एवढेच काम हाती घ्यावे. एक मोजपट्टी आणि एक वही ठेवावी. प्रत्येक मुलाची उडी तारखेसह त्या वहीत नोंदवावी आणि पुढच्या वर्षी पुन्हा मोजावी. अशा वह्या गावोगावी दहा वर्षे नेमाने लिहिल्या गेल्या, तर पुण्यात आणि हांगझोऊला राहून गेलेले ते तीन सेंटिमीटर कोणत्या गावचा मुलगा भरून काढील, हे आज सांगता येणार नाही. तो आरोंद्याचाही असू शकेल. त्यासाठी या दसऱ्यानंतर फावडे मात्र आपल्याला उचलावे लागेल.