पाठकुळीवरचा पोरगा

मलकापूरच्या एसटी स्टँडवर पाहिलेला एक बाप डोळ्यांसमोरून हलत नाही. पोरगा त्याच्याहून उंच झालेला, पण दोन्ही पाय निकामी. त्याला पाठकुळी घेऊन बाप गाडीच्या पायऱ्या चढला. बसल्यावर खांद्यावरच्या टॉवेलने आधी पोराचं तोंड पुसलं, मग स्वतःचं. दिव्यांगत्वाच्या दाखल्यासाठी कोल्हापूरची ही तिसरी खेप होती आणि प्रत्येक खेपेला एका दिवसाची मजुरी बुडत होती.

२०१६च्या कायद्याने दिव्यांगत्वाचे प्रकार ७ वरून २१ केले. पण दाखला हाती नसेल तर पेन्शन नाही, सवलतीचा पास नाही. आंबा घाटाकडच्या वाड्यावस्त्यांतल्या माणसाला त्या कायद्याचा उपयोग काय?

कायदा माणसापर्यंत पोचवायला कुणीतरी पुढे व्हावं लागतं. चीनचे नेते डेंग झिआओपिंग यांचे पुत्र डेंग पुफांग सांस्कृतिक क्रांतीत छळ सोसून, १९६८ साली खिडकीतून पडून, कमरेखाली लुळे झाले. १९८८ मध्ये त्यांच्या पुढाकाराने दिव्यांगांचा देशव्यापी महासंघ उभा राहिला. त्यांच्या पाठीशी सत्ता होती. आपल्या कोल्हापुरात नसीमा हुरजूक यांच्याजवळ ती नव्हती. ऐन तारुण्यात चाकाच्या खुर्चीला खिळलेल्या या बाईंनी त्याआधीच, १९८४ साली, 'हेल्पर्स ऑफ द हँडिकॅप्ड' ही संस्था सुरू केली. मला नसीमाताईंचं मोल अधिक वाटतं.

सत्ता हाती नसली तरी आपणही गावातून सुरुवात करू शकतो. ग्रामपंचायतीने स्वतःच्या उत्पन्नातले ५ टक्के दिव्यांगांसाठी खर्चायचे असतात. येत्या ग्रामसभेत तो हिशेब मागा. आणि दाखल्यासाठीच्या तपासणीची शिबिरं सरकारने मलकापुरात, ठरल्या तारखेला, नेमाने भरवावीत, ही आमची मागणी आहे.