कात्री कुणाच्या हातात?

पॉल झिल्स नावाचा एक जर्मन होता. उफा कंपनीत सिनेमा शिकलेला. महायुद्धात इंग्रजांच्या हाती लागला आणि कैदी म्हणून हिंदुस्थानात आला. सुटल्यावर मुंबईत राहिला, माहितीपट काढले, १९४९ साली ‘इंडियन डॉक्युमेंटरी’ हे त्रैमासिक सुरू केलं. फली बिलिमोरियासारखे लोक त्याच्यासोबत तयार झाले. दशक सरता सरता गडी मायदेशी परतला. त्याचं काम मोठं, वाद नाही. पण शत्रूच्या कैद्याला कॅमेरा द्यायला या देशाला जड गेलं नाही. आणि आम्हाला?

१९४८ ला सरकारचं फिल्म्स डिव्हिजन निघालं. थेटरात पिक्चरच्या आधी त्यांची रिळं दाखवणं सक्तीचं. धरणं, कारखाने, पुढारी. १९५४ साली बाबासाहेब भंडाऱ्यातून पोटनिवडणूक लढले, पडले. त्या प्रचाराचं हलतं चित्र तुम्ही कुठल्या थेटरात पाहिलं, बोला?

तुमसर तालुक्यातलं बपेरा घ्या. पलीकडे मध्य प्रदेश. चिखल्यात उभं राहून धानाची रोवणी करणाऱ्या बाया, याच तालुक्यातल्या मँगनीजच्या खाणी. कॅमेरा तिथं फिरकतच नाही. शेजारच्या मोहाडी तालुक्यात तो पोचला, पण कधी? २९ सप्टेंबर २००६ ला खैरलांजीत सुरेखा, प्रियंका, सुधीर, रोशन भोतमांगे कापले गेल्यावर! तेही माणसं रस्त्यावर उतरली तेव्हा. कोर्टात ॲट्रॉसिटीचं कलम टिकलं नाही, ते वेगळंच.

आनंद पटवर्धन आपला म्हणायचा की नाही, यावर आपल्यात भांडणं होतात, होऊ देत. ११ जुलै १९९७ ला रमाबाई नगरात पोलिसांनी दहा माणसं मारली, चार दिवसांनी विलास घोगरेंनी जीव दिला. या बाबानं चौदा वर्षं चित्रण केलं, स्वतः संकलन केलं, २०११ ला ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा केला. पोलीस म्हणत होते, जमाव टँकर पेटवणार होता. गुंडेवार आयोगानं गोळीबार समर्थनीय मानला नाही. कुठला तुकडा आधी, कुठला नंतर, यातच खोटं शिजतं दोस्तहो. म्हणून संकलनाचं टेबल कॅमेऱ्याइतकंच महत्त्वाचं.

सोमनाथ वाघमारेनं भीमा कोरेगाव आणि चैत्यभूमीवर माहितीपट केले. आपला पोरगा, आपली नजर. पण एक सोमनाथ किती गावं फिरणार? आता मोबाइल खिशात आहे. बपेऱ्याच्या पोरीनं रोवणीची मजुरी, पाटलाचा हिशेब, सगळं टिपावं. आणि टिपलेलं कापायला मुंबईच्या साहेबाकडे पाठवू नये. स्वतः बसून कापावं, तुमसरच्या एखाद्या खोलीत, रात्र जागून.