तीन सुरांचे गाणे आणि मागे फिरणारा काळ

मुले खेळतात काय, हे पाहायला कामावरून दमून आलेल्या आईबापांना सवड कुठे असते? व्हिडिओ गेम म्हटला की मारामारी आणि गोळीबार, अशी आपली समजूत. ती पुष्कळदा खरीही असते. पण आज अशा एका खेळाची गोष्ट सांगायची आहे, ज्यात नायकाचे मोठे बळ म्हणजे एक मातीचे वाद्य आहे. हा खेळ निन्टेन्डो या जपानी कंपनीच्या यंत्रावर चालतो. ते यंत्र आपल्या घरोघरी नाही, हे खरे. पण गोष्ट ऐकायला यंत्र लागत नाही.

ओकारिना हे वाद्य खरोखरीचे आहे. अंड्याच्या आकाराचे, पोकळ, भाजलेल्या मातीचे. भोकांवर बोटे ठेवायची आणि फुंकायचे. आजच्या ओकारिनाला रूप दिले ते 19व्या शतकाच्या मध्यास, इटलीतील बुद्रियो गावच्या जुझेप्पे दोनाती या तरुणाने.

1998 साली निन्टेन्डोने 'ओकारिना ऑफ टाइम' हा खेळ काढला. त्याला संगीत दिले कोजी कोन्दो यांनी. हायरूल नावाच्या काल्पनिक देशातला लिंक हा पोरगा या खेळाचा नायक. यंत्राच्या पाच कळा म्हणजे वाद्याचे पाच सूर. खेळणाऱ्याने गाणे शिकायचे, ध्यानात ठेवायचे आणि स्वतःच्या बोटांनी वाजवायचे. एका गाण्याने दिवसाची रात्र होते. एका गाण्याने पाऊस पडतो. एका गाण्याने घोडी धावत येते. 'काळाचे गाणे' वाजवले की एका मंदिराचे बंद दार उघडते. आत तलवार असते. पोर ती उपसते. पण त्याचे वय लहान, म्हणून ते सात वर्षे झोपी जाते. जागे होते तेव्हा अंगाने तरुण झालेले असते, आणि बाहेर देश दुष्टाच्या हाती गेलेला असतो. कारण ज्या दारातून लिंक गेला, त्याच दारातून तो दुष्टही शिरला.

खरी विचार करण्याजोगी गोष्ट मात्र 2000 साली आलेल्या पुढच्या खेळात आहे. नाव 'माजोराज मास्क', म्हणजे माजोराचा मुखवटा. हा खेळ दीड वर्षाच्या आत तयार झाला. वेळ थोडा, म्हणून आधीच्या खेळातील पुष्कळ चेहरे, आकृत्या पुन्हा वापरल्या. थोडक्या सामानात मोठा संसार कसा करावा, हे आपल्या गृहिणींना कुणी शिकवायला नको. त्या कारागिरांनीही तेच केले.

गोष्ट अशी. क्लॉक टाऊन नावाचे एक गाव. आकाशातला चंद्र रागीट तोंड करून खाली येतो आहे. तीन दिवसांनी तो गावावर कोसळणार. तेवढ्या वेळात सगळे संकट निवारणे लिंकला शक्य नाही. मग तो ओकारिनावर काळाचे गाणे वाजवतो आणि पुन्हा पहिल्या दिवसाच्या सकाळी जाऊन उभा राहतो. गाण्याचे सूर तीनच. तेच दोनदा वाजवायचे. उलट क्रमाने वाजवले तर काळ संथ होतो. एकेक सूर दोन-दोनदा वाजवला तर काळ पुढे उडी मारतो.

आता गंमत पाहा. काळ मागे फिरला की लिंकच्या खिशातले पैसे जातात. (त्या देशाच्या नाण्यालाही 'रुपी' म्हणतात!) बाण जातात, बाँब जातात. बँकेत टाकलेले पैसे तेवढे वाचतात. पण शिकलेली गाणी राहतात. मिळवलेले मुखवटे राहतात. कुठल्या गल्लीत, कुणावर, किती वाजता काय प्रसंग येणार, हे खेळणाऱ्याच्या डोक्यात राहते.

दुसरी बाजू दुःखाची आहे. पहिल्या रात्री एक म्हातारी पाठीवर ओझे घेऊन जात असते आणि चोर तिला लुटतो. लिंकने तिला वाचवले तरी, काळ मागे फिरला की म्हातारी पुन्हा त्याच वाटेने येते, चोर पुन्हा येतो. तिला या पोराची ओळखसुद्धा नसते. ताटातूट झालेल्या एका जोडप्याची मोठ्या कष्टाने गाठ घालून द्यावी, तर गाणे वाजताच तीही पुन्हा दूर होतात. केलेले उपकार कुणाच्याही ध्यानात राहत नाहीत.

मग कशाला करायचे? कारण प्रत्येक फेरीत लिंक जास्त जाणता होतो. पहिल्या खेपेला तो गावात परका होता. नंतर नंतर त्याला घराघराची अडचण ठाऊक होते. शेवटी तो चंद्राला अडवतो ते या जाणतेपणाच्या बळावर, एकट्या जादूने नव्हे.

कुणी म्हणेल, आम्ही चमत्कार मानत नाही, मग मुलांना जादूच्या गोष्टी कशाला? वाचकहो, बुवा चमत्कार खरा म्हणून सांगतो आणि पैसे उकळतो. गोष्ट सांगणारा ती गोष्टच म्हणून सांगतो. हा फरक मुलांना चांगला कळतो. नसेल कळत तर आपण सांगावा.

आपल्याजवळ काळ मागे फिरवणारे गाणे नाही. गेलेला दिवस गेला. कारखाना बंद पडला, पुरात घर वाहून गेले, आजारपणात साठवलेले संपले, असे प्रसंग कष्टकऱ्यांच्या घरी येतात आणि पुन्हा पहिल्या दिवसापासून सुरुवात करावी लागते. तेव्हा हातातले जाते, डोक्यातले राहते. बाप शिकला ती कारागिरी राहते, मुलगी शिकली तो धडा राहतो.

म्हणून मुलगा खेळत बसला असेल तर नुसते ओरडू नका. दहा मिनिटे शेजारी बसा आणि विचारा, "बाळ, यात तू नवीन काय शिकलास?" सांगण्यासारखे काही असेल तर कौतुकाने ऐका. नसेल, तर खेळ बंद करण्याची वेळ झाली हे त्याचे त्यालाच उमगेल.