मोजलेल्या कामाचे पैसे द्या!

नया नगर, मीरा रोड (पूर्व) येथील बंधू-भगिनींनो,

सरकारी कामाचे बिल कंत्राटदार मनाने लिहीत नाही. कनिष्ठ अभियंता जागेवर मोजमाप घेतो, मोजमाप पुस्तिकेत (एम.बी.) नोंदवतो, उपअभियंता तपासतो, कार्यकारी अभियंता मंजूर करतो. इतके काम झाले, इतके देणे आहे, हे सरकारच सही करून कबूल करते. मग त्याच पैशासाठी उच्च न्यायालयात धावायची पाळी का यावी?

राज्यातील कंत्राटदार संघटनांनी 2025 मध्ये थकबाकी 89 हजार कोटी रुपये सांगितली. त्यातली निम्म्याहून अधिक एकट्या सार्वजनिक बांधकाम विभागाची. कारण उघड आहे. तरतूद मूठभर आणि मंजूर कामे तिच्या कितीतरी पट. तिजोरीत पैसा नसताना कार्यारंभ आदेश काढणे ही सरळ फसवणूक आहे.

कोर्टातली वाटही सोपी नाही. संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात याचिका केली की सरकारी वकील म्हणू शकतो, हा कराराचा वाद आहे, दिवाणी न्यायालयात जा. देणे कबूल असेल तर उच्च न्यायालय आदेश देऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये स्पष्ट केले आहे. पण तिथवर पोहोचायला वकिलाची फी लागते आणि साहेबांची नाराजी ओढवते. या भीतीने गप्प बसणाऱ्याची दावा दाखल करण्याची तीन वर्षांची मुदत निघून जाते. लघुउद्योगांना 45 दिवसांत पैसे, नाहीतर चक्रवाढ व्याज, असा 2006 चा कायदा आहे; बांधकामाची कंत्राटे त्यात बसत नाहीत, असे मुंबई उच्च न्यायालयाचे निकाल आहेत. काम लांबले तर कंत्राटदाराला करारातल्या कलम 2 प्रमाणे दंड होतो. पैसे लांबवणाऱ्याला काहीच नाही.

पोटकंत्राटदाराचे तर करारात नावच नसते. जुलै 2025 मध्ये सांगली जिल्ह्यातील जलजीवन मिशनचे काम केलेल्या तरुणाने आत्महत्या केली. सरकारने काय सांगितले? त्याच्या नावावर बिलच नाही. काम मात्र त्यानेच केले होते.

आम्हा कंत्राटदारांत निकृष्ट कामे करणारेही आहेत. त्यांना काळ्या यादीत टाका, वसुली करा. पण चांगल्या कामाचे पैसे अडवले की पहिला फटका बसतो तो नाक्यावरच्या मजुराला, सेंट्रिंगवाल्याला, उधारीवर खडी-सिमेंट देणाऱ्या दुकानदाराला. यातली कितीतरी माणसे आपल्याच गल्ल्यांत राहतात.

आमची मागणी: मंजूर बिल 45 दिवसांत द्या, उशीर झाल्यास व्याज द्या, आणि जुनी देणी फिटेपर्यंत नवी कामे काढू नका.

यापुढे कुठल्याही भूमिपूजनाला नेते आले, तर नारळ फुटण्याआधी त्यांना विचारा: या कामाला तरतूद किती आहे, आणि मागच्या कामाचे बिल कधी देणार? उत्तर मिळाले नाही तर माहिती अधिकारात अर्ज टाका.

आपला,
नया नगरमधील एक नोंदणीकृत कंत्राटदार