भुताशी झुंजणारा रंगमंच

हाँगकाँगच्या सिनेमात भूत आणि हाणामारी एकत्र आली की पुष्कळ जण त्याला गल्लाभरू भेसळ म्हणतात. ते मला पटत नाही. सामो हंगचा ‘एन्काउंटर्स ऑफ द स्पूकी काइंड’ (१९८०) किंवा ‘मिस्टर व्हँपायर’ (१९८५) पाहा. दुसऱ्यात लाम चिंग-यिंगचा ताओ पुरोहित टुणटुण उड्या मारत येणाऱ्या प्रेतांना पिवळ्या मंत्रचिठ्ठ्यांनी, चिकट तांदळाने आणि तलवारीने आवरतो. श्वास रोखला तर प्रेताला माणूस सापडत नाही. भीतीवरचा उतारा म्हणून तिथे कसलेले शरीर उभे राहते, आणि हंग व लाम दोघेही लहानपणी चिनी ऑपेराच्या तालमीत घडले होते. त्या रंगभूमीवर देव, पिशाच्च आणि युद्ध एकाच रात्री नांदतात; सिनेमाला हा मेळ तिथूनच आयता मिळाला.

गोव्यातल्या पेडण्यात आणि शेजारच्या सिंधुदुर्गात तो मेळ दशावतार हा लोकनाट्यप्रकार आजही जगवतो. जत्रेच्या रात्री काळाकभिन्न संकासुर येतो, पोरे आईच्या पदरात शिरतात, आणि विष्णू त्याचा वध करतो. पुढे आख्यानात राजा आणि राक्षस झांज-मृदंगाच्या ठेक्यावर गिरक्या घेत तलवारी भिडवतात. लिखित संहिता नसते. संवाद आणि चाल तिथल्या तिथे रचावी लागते. हे खरे युद्धकौशल्य नव्हे, नाच आहे, असा आक्षेप येईल. पण ऑपेरातली लढाईही तालावरच बसवलेली असते, आणि पडद्याला हवी असते ती हीच मापून केलेली हालचाल. तरीही गोव्यातल्या चित्रपटकारांना झुंजीसाठी दशावतारी नट सहसा आठवत नाही, याची खंत वाटते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. पेडण्याची पुनवेची जत्रा, तिथली रवळनाथ-भूतनाथाची तरंगे (देवांचे सजवलेले खांब), डिचोलीतल्या साळचे शिमग्यात रात्री रानाकडे धावणारे गडे (विधी पाळणारे भाविक), हे सारे श्रद्धेचे आहे. त्याचा थरारपट केला तर विटंबना होईल आणि अंधश्रद्धाही फोफावेल. पहिली भीती रास्त आहे. तुळुनाडूच्या भूताराधनेवर बेतलेल्या ‘कांतारा : चॅप्टर १’नंतर (२०२५) प्रेक्षक तिथल्या दैवाच्या, म्हणजे भूतदेवतेच्या, वेशात चित्रपटगृहांत येऊ लागले, तेव्हा निर्मात्यांनाच तसे न करण्याचे आवाहन करावे लागले. म्हणून गड्यांचा विधी कॅमेऱ्यापासून दूरच राहू द्यावा. दशावताराचे आख्यान मात्र मुळात प्रेक्षकांसाठीच उभे राहते. त्यातला राक्षस कोणी खरा मानत नाही, तरी अंगावर काटा येतो. २०२५ च्या मराठी ‘दशावतार’ चित्रपटात दिलीप प्रभावळकरांनी वृद्ध दशावतारी साकारला आणि लोकांनी तो डोक्यावर घेतला. आता भूमिका करणाऱ्या नटांइतकेच मानधन आणि श्रेय प्रत्यक्ष दशावतारी कलावंतांनाही, झुंज बसवणारे म्हणून, मिळायला हवे.